सोळा पिनांची साक्ष

अकोल्यात बाळापूर नाक्यावर जाऊन नितेश तिडके कुठं भेटेल असं विचारलं, तर चार माणसं एकमेकांच्या तोंडाकडे पाहतील. ‘वायरवाला नितेश’ म्हटलं की टपरीवरचा गडी हातातली किटली खाली न ठेवता बोट दाखवतो. माणूस दिसायला म्हणाल तर तुरीची वाळकी काडी. मोटारसायकलवर बसला की पाठीवरची बॅगच गाडी हाकून राहिली असं वाटावं. त्या बॅगेत दोन बटणं पडलेला एक जुना लॅपटॉप, आणि ती वायर.

वायर म्हणजे काय, तर एका टोकाला लॅपटॉपात जायची चपटी पिन, मधे काडेपेटीएवढी काळी डबी, आणि दुसऱ्या टोकाला सोळा पिनांचं तोंड. आताच्या गाड्यांना स्टेरिंगखाली तसंच सोळा भोकांचं सॉकेट असतं. तोंड तिथं दाबून बसवलं की गाडीच्या पोटातला कंप्युटर आपलं दुखणं सांगतो. गॅरेजातले लोक त्या कंप्युटराला ईसीएम म्हणतात. नितेश ते दुखणं वाचायचा, मिस्तऱ्याला सांगायचा आणि पुढच्या गॅरेजला जायचा. अकोला, मूर्तिजापूर, बडनेरा, अमरावती असा त्याचा फेरा. पान्याला हात लावायचं काम नाही, हाताला ग्रीस नाही, म्हणून मिस्तरी त्याला ‘डॉक्टर’ म्हणून चिडवायचे. पण नितेशची वायर जे बोलली त्याच्या पुढं कोणी जात नव्हतं.

त्याच्या बापाचं चांदूर रेल्वेत मोटारी भरायचं दुकान होतं. पंखे, कूलर, विहिरीवरचे पंप, जे जळेल ते उकलायचं आणि तांब्याच्या नव्या तारेनं भरून द्यायचं. बाप सांगायचा, “माणूस खोटं बोलते, तार खोटं बोलत नाई.” बाप गेला, दुकान गेलं, हे वाक्य नितेशपाशी राहिलं. राहिलं नसतं तर बरं झालं असतं.

नाक्यावर डोमाजी मिस्तऱ्याचं गॅरेज. नितेशचं बसणं-उठणं तिथंच. दर दसऱ्याला तिथं पान्यांची, जॅकची, ग्रीसगनची पूजा मांडतात, आणि ती पूजा नत्थुजींच्या हातानंच व्हायची. नत्थुजी म्हणजे धान्याचे व्यापारी खुशालराव यांच्या गाडीवरचे ड्रायव्हर. त्याआधी उमेदीची सगळी वर्षं ट्रकवर. डोमाजी त्यांच्याच ट्रकवर क्लीनर म्हणून लागला होता, म्हणून अजूनही त्यांना उस्ताद म्हणायचा. नत्थुजींच्या गाडीखाली कधी कोंबडी आली नाही, कुत्रं आलं नाही. त्यांचा हात लागला की हत्यार वर्षभर दगा देत नाही, अशी गॅरेजातली समजूत. शिकवायची त्यांची पद्धतही साधी. एकच गोष्ट ते डोमाजीला पुन्हा पुन्हा सांगत: काढलेला पार्ट झाकायचा नाही, फेकायचा नाही, मालकाच्या हातात द्यायचा. त्याला पाहू द्यायचं, काय मेलं ते.

त्या दसऱ्याला नत्थुजी धुतलेलं धोतर नेसून आले. तांब्यात पाणी, पाण्यात झेंडूचं फूल, वाटीत ओलं केलेलं कुंकू. जॅक झाला, पाने झाले, हवा भरायचं मशीन झालं. मग त्यांची नजर कोपऱ्यातल्या बॅगेवर गेली.

“हे कोणाचं गाठोडं होय बे?”

“माहं हाय काका,” नितेश म्हणाला. “वायर हाय. हिच्याच भरवशावर पोट चालते.”

“मंग कोपऱ्यात कावून बसोली? कोणाच्या हातानं बाटली का ते? काढ बाहीर.”

नितेशनं वायर काढून पाटावर ठेवली. नत्थुजींनी तिला उलटीपालटी केली. “पान्याले दांडा असते, जॅकले डोस्कं असते. हिचं कपाळ कोणतं, ते सांग.”

डोमाजी हसला. “उस्ताद, नुसती सापासारखी हाय ते. शेपटीले लावा.”

नितेशनं सोळा पिनांचं तोंड पुढं केलं. “हे घ्या काका. बोलते ते इथूनच.”

नत्थुजींनी वाटीत अंगठा बुडवला आणि तोंडावर चांगला दाबून फिरवला. वरून फुलानं पाणी शिंपडलं, दोनदा. “बोल माय,” म्हणाले, “खरं बोलत जाय.”

कुंकू लावलेलं पुसत नसतात. नितेशनं पाणी झटकलं, वायर प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळली, पिशवीचं तोंड बांधलं आणि बॅगेत टाकली.

दिवाळी तोंडावर आलेली. खुशालराव अमरावतीहून परतत असताना मूर्तिजापूरच्या अलीकडे गाडी खोकली आणि उभी राहिली. नत्थुजींनी चावी फिरवली, स्टार्टर फिरला, पण इंजिन काही पकडेना. दोर बांधून गाडी डोमाजीच्या दारात आणली. खुशालराव दुसऱ्याच्या गाडीनं मागोमाग आले, ते तोंड आंबट करूनच.

नितेशनं वायर लावली. लॅपटॉपवर चाक फिरत राहिलं आणि शेवटी आलं, कंप्युटरशी संपर्क होत नाही. काढली, लावली, पुन्हा तेच. बॅटरी पाहिली, फ्यूज पाहिले. मग वायरचीच परीक्षा घ्यावी म्हणून बाजूला उभ्या असलेल्या डोमाजीच्या जुन्या जीपला लावली. जीप चुरुचुरु बोलायला लागली. म्हणजे वायर चांगली. म्हणजे गाडी मुकी.

“ईसीएम गेला,” नितेश म्हणाला.

“असा कसा गेला?” खुशालरावांनी विचारलं.

“पाणी शिरलं असन. बहुतेक तसंच असते.”

‘असन’ म्हणाला तो, ‘बहुतेक’ही म्हणाला. खुशालरावांच्या कानात जाईपर्यंत दोन्ही गळून पडले.

“दसऱ्याले गाडी कोणं धुतली?”

“म्या धुतली मालक,” नत्थुजी म्हणाले. “पण बोनेट नाई. बोनेटाखाली म्या कोरडं फडकं मारतो. साऱ्या उमरीत इंजिनावर पाण्याचा थेंब नाई घातला.”

“मंग पाणी काय आभायातून पडलं?”

“ते मले नाई मालूम.”

“तुले नाई मालूम, मले नाई मालूम. वायर तं सांगून रायली. का वायर खोटं बोलते? काय बे तिडक्या?”

नितेश म्हणाला, “वायर कायले खोटं बोलन, भाऊ.”

नत्थुजींनी त्याच्याकडे पाहिलं. राग नव्हता त्यात. घाटात समोरून येणाऱ्यानं बत्ती दिली नाही तर ड्रायव्हर पाहतो, तसं पाहिलं. मग त्यांनी गाडीचं दार उघडलं, उजवा हात स्टेरिंगवर ठेवला आणि नाक्यावरच्या माणसांना ऐकू जाईल असं म्हणाले, “यंत्राले म्या पाणी लावलं असन, तं हा हात लाकूड होवो.”

“आण ठेव तुह्या घरी,” खुशालराव म्हणाले. “चाबी दे इकडे.”

नत्थुजींनी चावी बोनेटवर ठेवली. बोटांचा ठसा उमटला म्हणून खांद्यावरच्या फडक्यानं तेवढी जागा पुसली आणि बाळापूरच्या ऑटोत जाऊन बसले. नितेश तोवर वायर गुंडाळत होता.

गाडी अमरावतीच्या एका वर्कशॉपात गेली, नितेशच्या शब्दावर पुन्हा न तपासता नवा ईसीएम बसला, गाडी सुरू झाली. आता आणखी काय पुरावा पाहिजे? जुना ईसीएम डोमाजीकडं परत आला, खुशालरावांना दाखवून झाला आणि वरच्या फळीवर जाऊन पडला.

गाडीवाल्यांच्या गावात बातमी गाडीच्या वेगानं जाते. इंजिनात पाणी मारणारा म्हातारा, असं एकदा नाव पडलं की दारात कोण उभं करणार? नत्थुजी चार ठिकाणी गेले, चारही ठिकाणी चहा मिळाला आणि चावी मिळाली नाही. शेवटी बाळापूरच्याच एका जिनिंगमधे कापसाच्या गंज्यांवर राखणदार म्हणून बसले. हिवाळा वैऱ्यासारखा पडला होता. एका सकाळी तोंड धुवायला तांब्या उचलायला गेले, तर हात उचलेना. लकवा. उजवा हात आणि उजवा पाय, दोन्ही.

नितेशला हे टपरीवर कळलं. “वाईट झालं,” म्हणाला आणि उरलेला चहा पिऊन टाकला. वाईट वाटलंच नाही असं नाही. पण मनात कुठं तरी होतंच, की म्हाताऱ्यानं उगीच खोटी आण घ्यायची नव्हती.

संक्रांत झाल्यावर तो अमरावतीला गौरांगच्या गॅरेजात गेला होता. गौरांग डिप्लोमावाला, जिभेनं तिखट. एका नव्या गाडीला नितेशनं वायर लावली, चाक फिरत राहिलं, संपर्क नाही. त्यानं सवयीनं सांगितलं, “ईसीएम गेला.”

गौरांगनं आपली वायर आणून लावली. पडदा भरून अक्षरं आली.

“नितेशभाऊ, माझ्या वायरीशी बोलतो, तुमच्याशी नाही. सोयरीक मोडली का काही?”

गॅरेजातली माणसं हसली. नितेशही हसला. मग हसणं टाकून तो बोनेटकडं वळला. ही गाडी कोणती, हे त्यानं पुन्हा एकदा पाहिलं. खुशालरावांच्या गाडीचीच पिढी, तेच इंजिन. बडनेऱ्याचं काम टाकून तो सरळ अकोल्याला आला.

दुसऱ्या दिवशी सकाळी डोमाजीच्या बाकड्यावर त्यानं वायर पसरली, जशी बाप जळकी मोटार पसरायचा. घाई केली नाही. आधी लॅपटॉपवर संशय घेतला, दुसऱ्याचा लॅपटॉप मागून लावला. तेच. मग मधली डबी उघडली. आत कुठं काळं पडलेलं नाही, जळका वास नाही, दिवा लागतो. चपट्या पिनेकडची तार वाकवून पाहिली, दिवा विझत नाही. राहिलं सोळा पिनांचं तोंड.

मीटर घेतला. एक टोक डबीतल्या टाक्यावर, दुसरं तोंडातल्या पिनेवर. तार सलग असेल तर मीटर शिटी मारतो. करंट येतो ती पिन, शिटी. अर्थिंगच्या पिना, शिटी. जुन्या गाड्या ज्या पिनेवरून बोलतात ती सातवी, शिटी. नव्या गाड्या दोन पिनांवरून बोलतात, सहावी आणि चौदावी, आणि दोन्ही लागतात. चौदावी, शिटी. सहावी, काही नाही.

तोंड जरा डावीकडं वाकवलं. शिटी. सोडलं, बंद.

नितेश बाकड्यावर बसला. जुनी जीप सातव्या पिनेवरून बोलते. मेली होती सहावी. त्या दिवशी वायरची साक्ष काढायला त्यानं जीप उभी केली होती. मुका आहे की बोलता, हे बहिऱ्याला विचारल्यासारखं. आणि हे त्याला माहीत नव्हतं असंही नाही. कोणती गाडी कोणत्या पिनेवरून बोलते, झोपेतून उठवून विचारलं असतं तरी सांगितलं असतं. खुशालराव समोर उभे होते, माणसं जमली होती, आणि त्याचं डोकं तिथवर गेलंच नाही.

ब्लेडनं त्यानं तोंडाचं रबर चिरलं. आत सहाव्या पिनेच्या मुळाशी तांबं हिरवं पडून कुजलं होतं. तारेचे केसाएवढे दोन धागे तेवढे टेकून होते. ते टेकले की नवी गाडी बोलायची, सुटले की मुकी, म्हणून इतके दिवस कळलं नव्हतं. हिरव्याच्या भोवती काहीतरी लाल सुकून बसलेलं. त्यानं कापूस पेट्रोलमधे बुडवून फिरवला. कापूस लाल झाला.

डोमाजी डोकावला. “हे काय, रगत का?”

“कुंकू.”

डोमाजी आणखी जवळ आला, वाकून पाहिलं आणि सरळ झाला. दोघांच्याही डोळ्यांपुढं तोच अंगठा आला. ओलं कुंकू पिनांच्या फटीतून आत उतरलं, मागून फुलाचं पाणी, आणि मग प्लॅस्टिकच्या पिशवीत बंद. वाळायला वारा नाही. तांबं आतल्या आत खात बसलं.

“बोलू नोको कोणाले,” डोमाजी म्हणाला.

नितेशनं आधी वायर दुरुस्त केली. जुन्या मोडक्या वायरीचं चांगलं तोंड कापून घेतलं. आपल्या वायरीची कुजलेली लांबी तोडून टाकली, तांबं लाल चकाकेपर्यंत खरवडलं, एकेक तार राळेत बुडवून एकेका पिनेला डाग दिला, वर नळी चढवली, काडीनं शेकून आवळली. पुन्हा मीटर. आता वाकवलं, पिळलं, हिसका दिला, तरी सगळ्या पिना शिटी मारत होत्या. दारात आलेल्या एका नव्या गाडीला लावली, झटक्यात बोलली.

“झालं तं मंग,” डोमाजी म्हणाला. “चाल, चहा पिऊ.”

पण नितेश वरच्या फळीकडं पाहत होता. त्यानं स्टूल घेतलं आणि खुशालरावांच्या गाडीचा तो मेलेला ईसीएम खाली काढला. फोनवर त्याच्या प्लगचा नकाशा काढला. बाकड्यावर बॅटरी ठेवली, दोन ठिकाणी करंट दिला, अर्थिंग दिलं, बोलायच्या दोन तारा वायरीच्या तोंडाला जोडल्या. लॅपटॉप सुरू केला.

चाक फिरलं. पडदा भरला.

ईसीएम जिवंत होता. त्याच्या पोटात दसऱ्यानंतरच्या त्या दुपारची नोंद तशीच होती: इंजिनाच्या फिरण्याची खबर देणाऱ्या सेन्सरकडून खबर बंद. म्हणजे सेन्सरचा प्लग सैल झाला होता, बाकी काही नाही. नवा ईसीएम बसवताना वर्कशॉपच्या पोरांनी सगळे प्लग काढून दाबून बसवले, त्यात तोही बसला आणि गाडी सुरू झाली. नितेशनं चार स्क्रू काढून ईसीएमचं झाकण उघडलं. आत कोरडं ठणठणीत. पाण्याचा डाग शोधून सापडला नाही.

“ठेव वर,” डोमाजी म्हणाला. 

“मिस्तरी, हे जितं हाय.”

“मले दिसते. ठेव म्हणतो. गाडी चालू हाय, मालक खुश हाय. उस्तादाचा हात का आता वापस येऊन रायला?”

“हात नाई येणार. नाव तं येईन.”

“नाव?” डोमाजी म्हणाला. “नाव घेऊन तो काय बाजेवर चाटन?” पण मग तोच म्हणाला, “जाय. माह्यानं होत नाई. तू जाय.”

खुशालराव मार्केट यार्डात तुरीच्या ढिगापाशी खुर्ची टाकून बसले होते. नितेशनं जुनं कापलेलं तोंड त्यांच्या हातात दिलं आणि सगळं सांगितलं, सहावी पिन, सैल प्लग, कोरडा ईसीएम. ते पार्टकडं न पाहता ऐकत राहिले. कुंकवाची गोष्ट आली तेव्हा मात्र खुर्चीत सरळ झाले.

“म्हणजे पूजा कोणं केली?”

“नत्थुकाकानं.”

“पाणी कोणं शिंपडलं?”

“त्याईनंच. पण भाऊ, ते तं...”

खुशालराव मोठ्यानं हसले. ढिगावरचे हमाल वळून पाहायला लागले. “म्हणजे शेवटी पाणी त्यानंच घातलं ना! इंजिनात नाई तं तुह्या वायरीत. मी काय चुकीचं बोललो होतो मंग?”

“भाऊ, गाडीचं त्याईनं काहीच नोतं केलं.”

“बरं, बरं. सांग त्याले, मनात ठेवू नोको म्हणा.” पार्ट त्यांनी नितेशच्या हातात परत ठेवला आणि तुरीचे दाणे मुठीत घेऊन दाताखाली फोडायला लागले.

यार्डातून बाहेर येताना नितेशनं ठरवलं. म्हाताऱ्याला एवढंच सांगायचं, वायर खराब होती. तुम्ही खरे होते, मी खोटा. कुंकवाचा शब्द काढायचा नाही. खुशालराव हसले तसं आणखी कोणी हसलं तरी हसो, कुंकवाची गोष्ट म्हाताऱ्याच्या कानावर निदान आपल्या तोंडून जायला नको.

बाळापूरची बस धरली. पार्ट शर्टाच्या खिशात होता. पूल आला, खाली मन नदीचं हिवाळ्यातलं पातळ पाणी. खिडकी उघडी होती. त्यानं पार्ट खिशातून काढला, हात बाहेर नेला आणि परत आत घेतला. काढलेला पार्ट मालकाला दाखवल्याशिवाय फेकत नसतात. आणि याचा मालक कोण, हे त्याला कळेना.

नत्थुजी अंगणात बाजेवर उन्हात बसले होते. उजवा हात मांडीवर ठेवलेला, दुसऱ्याची वस्तू सांभाळायला दिल्यासारखा. त्यांची बायको पार्वताबाई वाटीतलं कोमट तेल घेऊन त्या हाताची बोटं एकेक करून चोळत होत्या.

“कोण होय? वायरवाला का?” नत्थुजींची जीभ जरा जड झाली होती, पण शब्द कळत होता. “ये. बस. पाय, करंगळी हालते आता. डॉक्टर म्हणते, चोयत राहा, सहा महिन्यात घास उचलान.”

करंगळी खरंच हलली. वाऱ्यानं गवताचं पातं हलावं एवढी.

नितेश खाली ओट्यावर बसला. “काका, मी सांगाले आलो. त्या दिवशी इंजिनात पाणी नोतं. ईसीएम चांगला होता. माही वायरच खराब होती. तुमी खरं बोलत होते.”

 मग पार्वताबाईंचा हात थांबला.

“आता आला का सांगाले?” त्या म्हणाल्या. “मानूस रोज रातच्याले इचारते, पारू, म्या धुता धुता चुकून बोनेट तं नसन उघडलं? मले याद नाई रायलं का? रोज. मले म्हणे, आण खाल्ली अन् हात गेला, माहं काही चुकलंच असन. अन् तू आता येतं, हात हालवत? तुही वायर खराब होती, तं तुहं तोंड बी खराब होतं का रे?”

“पारू, राहू दे,” नत्थुजी म्हणाले. त्यांचा अर्धा चेहरा हसत होता. अर्धा हसू शकत नव्हता. “आयकलं ना तू? पाणी नोतं. म्या सांगत होतो का नाई? कोरडं फडकं मारतो म्या.” त्यांनी डाव्या हातानं डोळे पुसले. “आता देवाले इचारतो, मंग हात कावून नेला. आता त्याले सांगा लागन.”

तेवढ्यावर उठला असता तर निभलं असतं. पण पार्वताबाईंनी शिव्या देता देता चहा टाकला होता, आणि चहा होईपर्यंत ड्रायव्हर माणूस ड्रायव्हरसारखं विचारायला लागला.

“वायरीत काय खराब होतं?”

“पिन गेली होती काका. सहावी.”

“आपोआप?”

“कुजली होती.”

“तुही वायर तं तू लेकरासारखी ठेवत होता. कुजली कशी?”

नितेशनं पायाखालची माती उकरली. “जुनी झाली होती.”

“काढलेला पार्ट कुठी हाय?”

“फेकला.”

“डोमाजीच्या गॅरेजात बसते अन् पार्ट फेकला म्हणते?” नत्थुजींची नजर त्याच्या खिशावर गेली. नितेशचा हात आपोआप तिथं गेला होता. “काढ. दाखव मले, काय मेलं ते.”

त्यानं काढला. दुसरं काही करता आलं नाही. नत्थुजींनी पार्ट डाव्या हातात घेतला, उन्हाकडं धरला, जवळ आणला. अंगठ्याच्या नखानं फटीत खरवडलं. नखात लाल आलं. ते त्यांनी बराच वेळ पाहिलं. वास घेतला.

“दसऱ्याचं हाय,” म्हणाले.

“काका, कपाळ म्याच दाखवलं होतं,” नितेश घाईनं म्हणाला. “तुमाले का माईत, तेथी लावाचं नसते. माही चूक हाय. अन् म्या पुसलं बी नाई, पिशवीत बांधून ठेवलं.”

“पाणी कोणं शिंपडलं?”

“काका...”

“फुलानं. दोनदा.” नत्थुजींनी पार्ट मांडीवर, मेलेल्या हाताशेजारी ठेवला. “यंत्राले पाणी लावलं असन तं, म्हणलं होतं म्या. चार लोकाईसमोर.”

“अहो, ते गाडीच्या इंजिनाचं म्हणले होते तुमी!”

“वायर यंत्र नोय का? तूच म्हणलं, माहं हत्यार होय. पोट चालते म्हणलं.” त्यांच्या आवाजात तक्रार नव्हती. रस्ता चुकलेल्या माणसाला मैलाचा दगड दिसावा, तसा चेहरा झाला होता, आणि तेच नितेशला बघवेना. “मी म्हणत होतो, इतक्या सालाची गाडी चालोली, कोणाचं रगत नाई सांडलं, मंग हात कावून गेला? आता समजलं.”

“डॉक्टर म्हणे बीपीनं झालं, काका. हिवाळ्यात उघड्यावर बसले, त्यानं झालं.”

“डॉक्टर म्हणन. त्याले का मालूम, म्या काय म्हणलं होतं ते.”

पार्वताबाई चहा घेऊन बाहेर आल्या. कप नितेशपुढं ठेवला, बाजेवर बसल्या आणि तेलाची वाटी पुन्हा ओढली. नत्थुजींचा हात उचलून मांडीवर घ्यायला गेल्या, तर नत्थुजींनी डाव्या हातानं तो आपल्याकडं ओढून घेतला.

“राहू दे, पारू.”

“काय राहू दे? आजचं चोयणं अर्धं रायलं. करंगळी हालून रायली ना.”

“हालन. आणीक काही नाई होणार. आणेचा हात हाय तो. तेल वाया नोको घालू.”

पार्वताबाईंनी आधी त्यांच्याकडं पाहिलं, मग मांडीवरच्या पार्टकडं, मग नितेशकडं. काय झालं ते त्यांना अजून पुरतं कळलं नव्हतं. कोणी केलं ते कळलं होतं. त्यांनी वाटीतलं तेल परत बाटलीत ओतलं, थेंब सांडू न देता, आणि बूच लावलं.

नितेश उठला. चहावर साय धरली होती. त्यानं पार्टकडं हात केला.

“ते ठेव,” नत्थुजी म्हणाले, आणि पार्ट उशाखाली सारला. “काढलेला पार्ट मालकाचा असते.”